चौथ्या थप्पीचं बी

भालचंद्र अंबडकर यांना मी पंधरा वर्षं 'सर' म्हणत आले, पण त्यांनी शाळेत कधी कुणाला शिकवलं नाही. जालन्यातल्या एका बियाणं कंपनीच्या लॅबमध्ये ते उगवण तपासायचे आणि मी, वंदना, त्यांच्या हाताखाली दाणे मोजायचे. कंपनीचं नाव सांगत नाही. मला अजून तिथेच काम करायचं आहे.

काम सांगायला सोपं आहे. शंभर दाणे मोजायचे, ओल्या कागदावर ओळीनं मांडायचे, कागदाची गुंडाळी करायची आणि ती जर्मिनेटर नावाच्या मोठ्या कपाटात उभी करून ठेवायची. आठव्या दिवशी गुंडाळी उलगडून धड कोंब किती फुटले ते मोजायचं. एका लॉटच्या अशा चार गुंडाळ्या. चारींची बेरीज करून चारनं भागलं की आली लॉटची उगवण. सोयाबीनला सत्तर आली की लॉट पास. फॉर्मवर त्यासाठी एकच रकाना असतो.

सर म्हणजे एक प्रकरण होतं. खिशाला दोन पेनं, शर्टाला कडक इस्त्री, आणि डब्यातल्या चार पोळ्यांतली एखादी लहान निघाली की उमाकाकूंना, म्हणजे त्यांच्या बायकोला, तिथूनच फोन. आम्ही हसायचो. पण लॅबमध्ये त्यांची एक खोड होती, तिला कुणी हसायचं नाही, कारण तिच्यामुळे सगळ्यांचं काम वाढायचं. नियमाप्रमाणे गोदामातल्या सगळ्या पोत्यांतून थोडं थोडं बी काढायचं, एकत्र कालवायचं आणि त्यातून चार शंभर मोजायचे. सर कालवू द्यायचे नाहीत. गोदामात पोती थप्प्यांनी रचलेली असतात. सर प्रत्येक थप्पीचा पुडा वेगळा ठेवायचे आणि प्रत्येक पुड्यातून एक गुंडाळी लावायचे. "कालवलं की वाईट बी चांगल्याच्या पाठीमागं लपतं," म्हणायचे.

मला ते पहिल्या वर्षी कळलं नव्हतं. त्यांनी एका लॉटचे आकडे माझ्यापुढे ठेवले. ७४, ७१, ७०, ७३. "सरासरी?" मी म्हटलं, बहात्तर. "आता प्रत्येकजण बहात्तरपासून किती लांब उभा आहे ते सांग. वर की खाली ते सोड, फक्त अंतर." दोन, एक, दोन, एक. "बेरीज सहा. चारनं भाग." दीड. "हे झालं सरासरी विचलन. बहात्तर सांगतात बी कसं आहे, आणि हा दीड सांगतो की त्या बहात्तरवर विश्वास ठेवायचा की नाही. दीड म्हणजे डोळे मिटून ठेव." मग ते म्हणाले, "फॉर्मवर याला जागा नाही. म्हणून वहीत लिहायचं." त्यांची एक निळी वही होती, तिच्यात प्रत्येक लॉटचे दोन्ही आकडे असायचे. एकतीस वर्षांच्या नोकरीत अशा पाच-सहा वह्या भरल्या असतील.

असा माणूस. म्हणून मला आजही कळत नाही, त्या मे महिन्यात त्यांनी ते कसं केलं.

सोयाबीनचा लॉट होता. आठव्या दिवशी मी गुंडाळ्या उलगडल्या. पहिली ८८, दुसरी ८५, तिसरी ८६. चौथी उलगडली तेव्हा आधी कुबट वास आला. दाणे फुगून चिकट झाले होते, बोट लावलं की साल निघायची. मी तीनदा मोजले. एकोणतीस.

बेरीज दोनशे अठ्ठ्याऐंशी, सरासरी बरोबर बहात्तर. अंतरं मांडली तर १६, १३, १४ आणि ४३. बेरीज शहाऐंशी, विचलन साडेएकवीस. मी वही त्यांच्यापुढे सरकवली. नियमांच्या पुस्तकात लिहिलेलं आहे की गुंडाळ्यांत इतका फरक पडला तर चाचणी बाद, पुन्हा लावायची. पुन्हा म्हणजे आणखी आठ दिवस. बाहेर ट्रक लागलेले, गोदामवाल्याचे फोनवर फोन, मिरग तोंडावर आलेला.

"चौथी खालच्या कप्प्यात होती का?" सरांनी विचारलं.

"हो."

"मग तू पाणी जास्त शिंपडलंस."

मी चारही गुंडाळ्यांना सारखंच पाणी शिंपडलं होतं. पण एकतीस वर्षांचा माणूस म्हणतोय म्हटल्यावर मलाच वाटायला लागलं की त्या दिवशी माझं लक्ष नसेल. घरी जाऊन मी स्वतःला शिव्या घातल्या. सरांनी रकान्यात बहात्तर लिहिलं आणि सही केली.

चौथी थप्पी गोदामाच्या पश्चिमेच्या भिंतीला लागून होती. वरून पत्रा, एप्रिलभर दुपारचं ऊन त्या पत्र्यावर. आत बी शिजून निघालं होतं. आता गंमत अशी की लॅबमध्ये कुणी कितीही कालवो, ट्रकमध्ये पोती कालवून भरत नाहीत. हमाल एक थप्पी संपवतात, मग दुसरीला हात घालतात. पहिल्या तीन थप्प्या कुठे कुठे गेल्या ते मला माहीत नाही. चौथी अख्खी एका ट्रकमध्ये बसली आणि तो ट्रक परतूर तालुक्यात आष्टीला गेला. बहात्तर उगवणीचं बी कुणाच्याच वावरात पडलं नाही. आष्टीच्या वावरात एकोणतीसचं पडलं.

आष्टी माझं माहेर.

आमच्या आळीत दुर्गाबाई राहायच्या, आम्ही त्यांना दुर्गाकाकू म्हणायचो. त्यांचे यजमान रामकिसनकाका तिफण हाकायचे आणि काकू चाड्यावर असायच्या. चाडं म्हणजे तिफणीवरची लाकडी वाटी. तिच्यात मुठीनं बी सोडत बैलांच्या मागं चालायचं, ते तीन नळ्यांतून खाली तीन तासांत, म्हणजे मातीतल्या तीन ओळींत, उतरतं. दाट पडणार की पातळ, ते सगळं त्या मुठीवर. आता पेरणीची यंत्रं आली, तरी लहान तुकड्यांना तिफणच लागते, आणि काकूंची मूठ अशी होती की पीक वर आल्यावर तासात बोटभरसुद्धा जागा रिकामी दिसायची नाही. मिरगाच्या आधी पंधरा दिवस लोक दारात येऊन सांगून ठेवायचे, "दुर्गाबाई, आमच्या वावरात मूठ तुमचीच." त्या लिहिलेलं वाचू शकत नव्हत्या, मूलबाळही नव्हतं. गावात त्यांचं जे काही नाव होतं ते त्या उजव्या हाताचं होतं.

त्या जूनमध्ये काकूंनी घरचं धरून सहा वावरांत मूठ धरली, आणि सहाही ठिकाणी तासं उघडी राहिली. पाहणीला कृषी खात्याचे लोक आले. वरवर बघून म्हणाले, बी कमी-जास्त पडलंय, खोल गेलंय, आणि गेले. यंत्रानं पेरलेल्या दोघांचंही गेलं होतं, पण तिकडे कोण बघतो. आईनं मला फोनवर सांगितलं, "दुर्गाचा हात गेला म्हणतेत गं सगळे." मी विचारलं, बी कुठल्या कंपनीचं? आईनं पिशवी आणून लॉट नंबर वाचून दाखवला.

दुसऱ्या दिवशी मी तो नंबर सरांना सांगितला.  दुपारी म्हणाले, "रविवारी जाऊ."

आम्ही परतूरपर्यंत एसटीनं आणि पुढे ऑटोनं गेलो. दुर्गाकाकू वावराच्या बांधावर बसून होत्या. मी त्यांना 'आमचे साहेब' एवढंच सांगितलं. सर वावरात उतरले, इस्त्रीच्या पँटीसकट गुडघ्यावर बसले आणि एका काडीनं तास उकरायला लागले. एक हात लांबीचं तास, मग पुढे दुसरीकडे एक हात, असं पाच ठिकाणी. वर आलेलं रोप आणि मातीत कुजलेला दाणा, दोन्ही मोजत होते. मला सगळं कळत होतं. किती उगवलं ते त्यांना माहीतच होतं, त्यांना बघायचं होतं किती टाकलं होतं.

रामकिसनकाका लांबून ओरडले, "काय करून राह्यले साहेब तिथं? यंत्र लावायचं म्हणलं तर ही आयकली न्हाई. वांझ हात, दुसरं काय."

काकूंनी ते ऐकलं. त्या उठून सरांच्या जवळ आल्या आणि उजवा तळवा त्यांच्यापुढे धरला, दवाखान्यात दाखवतात तसा. "साहेब, खरं सांगा. माझा हात बिघडला का?"

सरांनी तळव्याकडे पाहिलं नाही. वही मिटली. "तपासून सांगतो," म्हणाले.

परतीच्या एसटीत मी वही ओढून घेतली. ताजं पान होतं. १०, ९, १०, ११, १०. सरासरी दहा. विचलन शून्य पूर्णांक चार.  "असा हात मी लॅबमध्येसुद्धा पाहिला नाही," सर म्हणाले.

"मग तिथे का नाही सांगितलंत?"

त्यांनी वही माझ्या हातून परत घेतली. "हात चांगला म्हटलं की बी वाईट म्हणावं लागतं. बी वाईट म्हटलं की सही कुणाची आहे ते बघावं लागतं."

सोमवारी मी राखून ठेवलेल्या नमुन्यातला चौथा पुडा घेतला, शंभर दाणे मोजले आणि गुंडाळी मुद्दाम वरच्या कप्प्यात ठेवली, पाणी मोजून. आठव्या दिवशी एकतीस. म्हणजे माझं पाणी बरोबर होतं. मी तो कागद त्यांच्या टेबलावर आपटला. ते "हं" म्हणाले. मला इतका राग आला की मी दोन दिवस त्यांच्याशी बोलले नाही. पण हेही सांगितलं पाहिजे की गावात जाऊन मी तोंड उघडू शकत होते, आणि उघडलं नाही. फॉर्मवर खाली 'मोजणी करणार' म्हणून माझीही सही असते.

दिवाळीत सर निवृत्त झाले. कंपनीनं शाल आणि घड्याळ दिलं. हंगाम संपला की राखीव नमुने फेकून देतात, ते फेकायच्या आधी सरांनी त्या लॉटचे चार पुडे मागून घेतले. कुणी विचारलं नाही कशाला.

जुन्या जालन्यात धान्याच्या दुकानांच्या गल्लीत त्यांचं घर आहे. मी जायचे मधून मधून. मोरीजवळ एक बादली, तिच्यात चार ओल्या गुंडाळ्या उभ्या. वर ओलं फडकं. उमाकाकू म्हणायच्या, "लोक निवृत्त झाल्यावर नातवंडं सांभाळतात, आमच्याकडे हे." सर हसायचे नाहीत. पहिल्या वेळी त्यांनी मला वही दाखवली. ८०, ७८, ७९, १९. सरासरी चौसष्ट. विचलन साडेबावीस. "बघ, फरक अजून तेवढाच आहे," ते म्हणाले. "हा पुरावा आहे. आणखी एकदा लावतो. पक्कं झालं की आष्टीला जाऊ आणि चार गुंडाळ्या तिच्यापुढे उलगडून दाखवू."

"आत्ता जाऊ ना. बादली घेऊनच जाऊ."

"एका चाचणीवर कसं बोलायचं?"

एकतीस वर्षं एका चाचणीवरच लॉट पास करत होते!

नंतर नंतर मला तिथे जायची भीती वाटायला लागली. सर बाहेरून तसेच होते, इस्त्रीचा शर्ट, दोन पेनं. पण बोलता बोलता मध्येच थांबायचे आणि म्हणायचे, "एकाहत्तर." मी पहिल्यांदा विचारलं, काय एकाहत्तर? म्हणाले, "न उगवलेले." एकदा भर दुपारी चहा पिताना म्हणाले, "वंदना, मी डोळे मिटले की मला माती दिसते आणि तिच्यात ते दाणे दिसतात. हारीनं पडलेले. दहा, नऊ, दहा, अकरा, दहा. इतक्या नीट टाकलेले आणि एकही हलत नाही." उमाकाकू स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या. मला त्यांच्या डोळ्यांत पाणी दिसलं.

त्यांना कशातही सरासरी नुसती चालेनाशी झाली. नळाला सरासरी सहा दिवसांनी पाणी येतं असं गल्लीत कुणी म्हणालं तर सर उठून वही आणायचे. "मागच्या चार वेळा तीन, चार, चौदा आणि तीन दिवसांनी आलं. सरासरी सहाच आहे. पण त्या चौदा दिवसांत शेजारच्या म्हातारीनं काय केलं? विचलन काढा, चार येतं चार!" लोक हो हो म्हणून सटकायचे. भाजीवाली, रिक्षावाला, सगळे त्यांना टाळायला लागले. मलाही कधी कधी वाटायचं, ओरडून सांगावं, सर, गल्लीला नका सांगू, आष्टीला सांगा.

मे महिन्यात ६१, ५८, ६०, ५. सरासरी सेहेचाळीस, विचलन साडेवीस. "उन्हाळा उतरू दे," म्हणाले. मिरग आला. त्या वर्षी आष्टीत काकूंच्या दारात कुणी आलं नाही. रामकिसनकाकांनी घरच्या वावरातसुद्धा भाड्याचं यंत्र लावलं. आई सांगायची, दुर्गा आता अंगणात कोथिंबिरीचं बीसुद्धा स्वतः टाकत नाही, शेजारच्या पोरीला बोलावते. विरजण लावायला डावा हात वापरते. कुणी विचारलं तर म्हणते, उजव्यात काही राहिलं न्हाई.

हे मी सरांना सांगितलं. सांगायलाच पाहिजे होतं. त्यांनी ऐकलं आणि बादलीतलं पाणी बदललं.

त्यानंतरच्या जानेवारीत ३०, २७, ३१ आणि शून्य. चौथ्या पुड्यातलं शेवटचं जिवंत बी मेलं होतं. सरासरी बावीस, विचलन अकरा. सोयाबीनचं बी असंच असतं, घरात ठेवलं की दोन-तीन वर्षांत सगळं जातं, हे आमच्या लॅबमधल्या झाडूवाल्या बाईलाही माहीत आहे. सरांना माहीत नव्हतं असं नाही. मी हात जोडले. "सर, फरक कमी होतोय. चांगलं बीही मरत चाललंय. आणखी वर्षभरात दाखवायला काही राहणार नाही." ते म्हणाले, "म्हणजे घाई करायला पाहिजे," आणि मला दारापर्यंत सोडायला आले. पावसाळ्यात ६, ४, ६, शून्य. सरासरी चार, विचलन दोन. तेव्हा मी काही बोललेही नाही.

या वर्षी जानेवारीत त्यांचा लॅबमध्ये फोन आला. "वंदना, ये."

मी गेले तर सर जमिनीवर बसले होते. चारही कागद उलगडलेले. चारशे दाणे, बुरशी धरलेले, एकसारखे. कुठला कागद कुठल्या थप्पीचा ते ओळखूही येत नव्हतं. वहीत त्यांनी लिहिलं होतं: सरासरी शून्य, विचलन शून्य.

"सगळे सारखे झाले," ते म्हणाले. "आता कुणी म्हणूच शकणार नाही की यातलं एक वाईट होतं." आणि ते रडायला लागले, आवाज न करता, पेनं तशीच खिशात.

मला दया यायला पाहिजे होती. मला राग आला. मी म्हटलं, "सर, तुम्ही पुरावा जपत नव्हता. तो मरायची वाट बघत होता. आणि मी पण बघत होते." ते ऐकून उमाकाकू पदराला हात पुसत बाहेर आल्या. "त्यांना कशाला विचारतेस? मी येते तुझ्याबरोबर. मी सांगते त्या बाईला." मग सर उठले. टोपी घेतली, निळी वही घेतली आणि चपला घातल्या.

सर आणि मी आष्टीला पोचलो तेव्हा दुर्गाकाकू अंगणात तूर पाखडत होत्या. रामकिसनकाका बाजेवर. काकूंनी सरांना लगेच ओळखलं. "तपासून सांगतो म्हणलेले साहेब ना? बसा."

सर बसले नाहीत. उभ्यानंच सांगितलं, आणि सगळं सांगितलं. चौथी थप्पी, एकोणतीस, बहात्तर, सही. "तुम्ही पेरलं तेव्हा बी मेलेलं होतं. मला माहीत होतं, तरी मी ते पास केलं. तुमचा हात चांगला होता. त्याच दिवशी मी मोजलं होतं." त्यांनी वहीचं पान उघडून पुढे धरलं. काकूंना वाचता येत नव्हतं, म्हणून मी वाचून दाखवलं. दहा, नऊ, दहा, अकरा, दहा.

"ह्ये तवाच मोजलं व्हतं?" काकूंनी विचारलं.

"हो."

"मंग तवाच का न्हाई सांगितलं?"

"भ्यालो," सर म्हणाले.

काकूंनी सूप खाली ठेवलं. उजवा तळवा उलटसुलट करून पाहिला. मग एकदम उठल्या, घरातून जुनं नऊवारी पातळ आणलं आणि मधोमध दुमडून अंगणात लांबच्या लांब अंथरलं. डब्यातून सोयाबीन काढून ओच्यात घेतलं. "आता बघा," म्हणाल्या. "मोजा."

मला नको होतं. पण त्यांना कोण थांबवणार? त्या पातळाच्या कडेनं चालायला लागल्या, उजवी मूठ पुढे, अंगठ्यानं दाणे सोडत. मला लहानपणची त्यांची चाल आठवत होती, तिच्यात एक ठेका असायचा. आता पाय अडत होते. मधेच त्या मुठीकडे बघायच्या, मग घाईनं सोडायच्या. शेवटाला पोचल्या आणि घाम पुसला.

मी हाताहाताच्या अंतरानं मोजलं आणि सरांनी लिहिलं. १७, ४, १२, ३, १५, ९, १६, ४. आठ हात, ऐंशी दाणे.

"सरासरी दहा," मी म्हणाले. माझ्या तोंडून ते पटकन निघून गेलं.

रामकिसनकाका बाजेवरून उतरलेच. "दहा? दहाच लागत्यात! बिलकुल बराबर हाय की मंग!" इतके खूश झाले की मला त्यांची कीव आली. एका आकड्यात त्यांना सगळं मिटलेलं दिसत होतं. मीही मनात म्हणत होते, सर, हो म्हणा. एवढं एकदा नुसती सरासरी सांगा आणि चला.

सर लिहीत होते. सात, सहा, दोन, सात, पाच, एक, सहा, सहा. बेरीज चाळीस, भागिले आठ.

"नाही," ते म्हणाले. नजर या वेळी काकूंकडे होती. "सरासरी दहा आहे, पण विचलन पाच आलं. तेव्हा अर्धंसुद्धा नव्हतं. कुठे ढीग पडलाय, कुठे काहीच नाही. हात गेलाय, दुर्गाबाई."

"मला दिसून राह्यलं ते," काकू म्हणाल्या. त्या पातळाकडेच बघत होत्या. "म्हणजे तवा गेला नव्हता."

"नव्हता."

रामकिसनकाका एकदा सरांकडे, एकदा बायकोकडे बघत होते. "पर तू तर सोताच म्हणली व्हतीस, हात गेला म्हणून. मी काय जबरदस्ती केल्ती का?"

"तुमी रोज म्हणत व्हते," काकू म्हणाल्या. "मंग मी बी म्हणले."

त्या खाली बसल्या आणि पातळावरचा एकेक दाणा वेचून डब्यात टाकायला लागल्या. सर वाकले, मदतीला हात पुढे केला.

"राहू द्या साहेब," त्या म्हणाल्या. "माझं मी करते."

ऐंशी दाणे वेचून होईपर्यंत आम्ही तिथेच उभे होतो.